जमादाराच्या माडीची गोड भिंत

इटलीत नदीवर पूल बांधून त्यावरनं रणगाडे नेलेला माणूस मी! माझ्यापुढं एका भिंतीची काय कथा? लढाई संपवून गावी आलो, तेव्हा जमादाराच्या जुन्या माडीची डागडुजी चालली होती. वारसांनी माडी गावाला देऊन टाकलेली. ज्याचं घर लहान, त्याचं कार्य तिथं व्हावं, असं पंचांनी ठरवलं होतं. मी छाती काढून म्हणालो, "भिंती माझ्याकडं!"

पहिलं लग्न राहीबाईच्या लेकीचं, बनाचं. राहीबाई विधवा, एका खोलीत राहणारी. मांडवाला जागा नाही म्हणून बनाची सोयरीक एकदा मोडली होती.

"हवालदारदादा, ह्या बारीला मोडलं तर पोर घरातच ऱ्हायची बगा."

"आक्का, तू निर्धास्त ऱ्हा!" मी म्हणालो.

चुन्यात गुळाचं पाणी घातलं की भिंत पक्की होते. माप मी अगदी बरोबर काढलं आणि तेवढाच गूळ एका घरातून मागवला. पण आमचा मुलूख उसाचा आणि माडी साऱ्या गावाची! आपला हात लागला नाही, असं कुणाला चालेल? मी जेवायला गेलो की एकेकजण हळूच येई आणि चुन्यात गूळ सोडून जाई. नेमिनाथ व्यापाऱ्यानं तर आख्खी ढेप सोडली. धुळा मेंढक्याकडं ऊस नाही, त्यानं बिचाऱ्यानं मागून आणलेला खडा टाकला. आणि दिल्याघेतल्याचं बोलायचं नाही म्हणून मला कुणी सांगितलंही नाही; कळलं ते मागाहून!

भिंत झाली देखणी, पण वाळेना! आधी मुंग्या आल्या. मग धुळ्याची शेळी भिंत चाटताना सापडली.

"हवालदार, शेळी हटंना झालीया!" धुळा ओरडला.

"इटलीत बी असंच व्हायचं!" मी ठोकून दिलं आणि वरून पांढऱ्या मातीचा हात मारला.

लग्नाला वऱ्हाड आलं तासगावाकडून. नवऱ्याचे वडील सयाजीराव, काळा लांब कोट, तुरेवाला फेटा. सगळ्यांत पांढरी दिसली त्या भिंतीशी मी त्यांना घोंगडं अंथरून दिलं. "टेका निवांत!" वैशाखाच्या उन्हातनं आलेला माणूस, निवांत टेकला.

आणि गडबडीत राहीबाईनं पाय धुताना आधी नवऱ्याच्या मामाच्या पायावर पाणी घातलं!

"बापाच्या आदी मामा?" सयाजीराव कडाडले. "उठवा पोराला! गाड्या जुपा!"

राहीबाईच्या हातातला तांब्याच पडला. पण सयाजीराव काही उठेनात. रुसलेला व्याही कसा, ताडकन उठून थेट मारुतीच्या देवळात जाऊन बसतो. हे नुसतेच पाय झाडत होते!

"जुपा म्हंतोय न्हवं!"

"बसल्या जागी रुसलेत, म्हंजे मनात काय न्हाई," नेमिनाथनं निकाल दिला. "भटजी, चालू द्या!"

मी धावत जवळ गेलो. सयाजीराव कुजबुजले, "हवालदार, भिंतीनं धरलंय रं मला!"

"मग कोट काडा की!"

त्यांनी मान खाली घातली. "आत सदरा न्हाई, गड्या. रेशनच्या कंट्रोलात गावलं त्ये समदं कापाड पोराला शिवलं."

त्यांना एकटं वाटू नये म्हणून मीही त्यांच्या शेजारी टेकून बसलो. जोडीनं अडकलो! आम्ही बसल्या जागीच अक्षता टाकल्या आणि तिकडं बनाच्या गळ्यात माळ पडली. डोळे पुसत राहीबाई आली आणि तिनं सयाजीरावांचे पाय धुतले.

"आक्का, उटाय आलं असतं तर गेलो असतो," ते म्हणाले, "आन अशी सून घालवून बसलो असतो. भिंतीचं उपकार हायती."

मग ऊन पाण्यानं आम्हाला सोडवलं. राहीबाई माझ्या पाया पडायला लागली. "दादा, ह्याच्यासाटनंच तुमी ती भिंत तशी बांदली व्हय!"

मी नाही म्हणालो नाही.

पुढं भिंत दुरुस्त करायचं काढलं, तर सारा गाव अंगावर आला. "तिला हात लावायचा न्हाई!" पावसाळी हवा पडली की ती अजून पाझरते.

गेल्या साली गावातल्याच हरिबांच्या मुलीशी माझं लग्न झालं, त्याच माडीत. देण्याघेण्यावरून मी जरा नाक मुरडायच्या बेतात होतो. तेवढ्यात सासऱ्यांनी हात धरून मला त्याच भिंतीशी नेलं आणि गोड आवाजात म्हणाले, "जावई, टेका निवांत!"