सासऱ्यांनी दुरुस्त केलेला अल्बम

चार दिवसांनी घरी परतलेल्या संगीतकाराने आपल्या खोलीत पाऊल टाकलं, सवयीने टेबलावरच्या पंख्याचं बटण दाबलं आणि पंखा फिरू लागला. नुसता फिरू लागला. कण्हला नाही, डावीकडे वळताना जाळीला घासला नाही. 

खांद्यावरची पिशवी न उतरवताच त्याने शिवणयंत्राच्या पॅडलवर पाय दिला. दर सातव्या टाक्याला लंगडणारं ते यंत्र न अडखळता सळसळत चाललं. त्याने टेपरेकॉर्डर लावला. मधूनच जड होऊन अर्धा सूर खाली घसरणारी टेप आज वर्गात पहिल्या येणाऱ्या मुलासारखी सरळ वाजली.

मागे दारात सासरे उभे होते. हात पाठीमागे बांधलेले आणि चेहरा असा, की आपण स्वतःहून काही बोलायचं नाही, समोरच्यानेच ओळखायचं.

"सगळं मार्गी लावलंय, जावईबापू," शेवटी त्यांनाच राहवलं नाही. "एकही धड नव्हतं हो. कसं चालवत होतात इतके दिवस?"

संगीतकाराने गेले आठ महिने भंगाराची दुकानं पालथी घालून ही मंडळी जमवली होती. बंद पडलेली वस्तू कुठेही मिळते. नीट बिघडलेली मिळायला नशीब लागतं. त्याच्या दुसऱ्या अल्बममधलं प्रत्येक गाणं दोन जातींच्या संगीताचं होतं. एकात लष्करी बँड आणि अंगाई, दुसऱ्यात वॉल्ट्झ आणि रॅप, तिसऱ्यात नाचाचा ठेका आणि शोकगीत. या दोघांचं एकमेकांशी पटायचं कारण नव्हतं. त्यांना जोडणारा सांधा म्हणजे यंत्राचा बिघाड. शिवणयंत्र सातव्या टाक्याला अडखळलं की बँडची पावलं चुकायची आणि त्या फटीतून अंगाई आत शिरायची. पंख्याचं कण्हणं दोन सुरांच्या मधल्या बोळात कुठेतरी होतं, म्हणून त्याने अ‍ॅकॉर्डियनसुद्धा त्या बोळातच लावून घेतलं होतं. आता पंखा गप्प झाला आणि अ‍ॅकॉर्डियन एकटंच बेसूर उरलं.

शुक्रवारी रेकॉर्ड कंपनीच्या बाई येणार होत्या. पहिला अल्बम त्यांनीच काढला होता आणि तो त्यांच्याच गोदामात राहिला होता. दुसरा समोर बसून ऐकू, मग ठरवू, असं त्यांनी कळवलं होतं. आज सोमवार होता.

"छान केलंत, बाबा," संगीतकार म्हणाला. दात काढून घेतलेला माणूस डॉक्टरांचे आभार मानतो, त्या आवाजात.

त्याची बायको खरोखरच दातांची डॉक्टर असल्यामुळे तिला हा आवाज ओळखीचा होता. तिने त्याला स्वयंपाकघरात नेलं आणि दार लोटून घेतलं. वडील म्हणाले होते, जावईबापू येईपर्यंत जरा दुरुस्तीचं बघतो. तिला वाटलं मिक्सर. पण मुद्दा वेगळाच होता. चाळीस वर्षं चालवलेलं दुरुस्तीचं दुकान बंद करून ते इथे राहायला आल्यापासून खुर्चीत बसून वर्तमानपत्राचं एकच पान वाचत होते. काल पहिल्यांदा ते शीळ घालत आंघोळीला गेले. तेव्हा नवऱ्याने त्यांना एका शब्दाने काही बोलायचं नाही, असं तिने बजावलं.

"मग अल्बमचं काय करू?"

"मोडता येतंच की. मोडायला काय लागतं?"

काय लागतं ते संगीतकाराला मंगळवारी दुपारी कळलं. जेवणानंतर सासरे तासभर झोपत. तेवढ्या वेळात त्याने पंख्याचा एक स्क्रू सैल केला, टेपरेकॉर्डरच्या रबरी पट्ट्याला ब्लेडने कातरलं आणि शिवणयंत्राच्या पोटात चिंधी कोंबली. परिणाम असा झाला की पंखा कण्हायच्या ऐवजी दात वाजवू लागला, टेप घसरायच्या ऐवजी थांबली आणि शिवणयंत्राने हलायलाच नकार दिला. तीस वर्षांच्या वापराने आलेला बिघाड अर्ध्या तासात आणायचा म्हणजे तरुण माणसाच्या तोंडाला पीठ फासून त्याला म्हातारा म्हणण्यापैकी होतं. तो हे सगळं पूर्ववत करणार, तोवर शेजारच्या खोलीत खाटेचा आवाज झाला, आणि तो पाय न वाजवता निसटला.

संध्याकाळी सासऱ्यांनी सहज म्हणून पंखा लावला. मग टेप लावली. मग ते शिवणयंत्रासमोर बराच वेळ नुसते बसून राहिले.

बुधवारी सकाळी त्यांनी मुलीला विचारलं की डोळे तपासणारा कोणी चांगला डॉक्टर तिच्या ओळखीत आहे का. नाश्त्याला त्यांनी हात लावला नव्हता. चाळीस वर्षांत दुरुस्त केलेली एकही वस्तू त्याच आठवड्यात परत आली नव्हती, असं त्यांनी कोणी न विचारता सांगितलं. हात गेला असेल तर गेला, ते म्हणाले, त्यात लाजायचं काय. आणि ते पुन्हा वर्तमानपत्राच्या त्या पानामागे गेले.

बायकोने संगीतकाराकडे पाहिलं. त्या नजरेपुढे ड्रिलचा आवाज परवडला असता.

"उंदीर असेल, बाबा," संगीतकाराच्या तोंडून निघून गेलं.

पान थोडं खाली आलं. "उंदीर?"

"पट्टा कुरतडल्यासारखा दिसतोय. आणि शिवणयंत्रात चिंध्या. घर करत असणार."

"आणि पंख्याचा स्क्रू?"

"मोठा असेल," संगीतकार म्हणाला.

सासऱ्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि जावयाकडे जरा वेळ पाहिलं. पण माणसाला आपला हात गेला हे मानण्यापेक्षा स्क्रू काढणारा उंदीर मानणं सोपं जातं. त्यांनी नाश्ता मागवला, दोनदा वाढून घेतला आणि बाजारात जाऊन आले. दुपारपर्यंत तिन्ही यंत्रं पुन्हा ठणठणीत होती.

गुरुवारी दुपारी संगीतकाराकडे शेवटचा तास उरला होता. सासऱ्यांच्या खोलीतून श्वासाचा संथ आवाज येत होता. त्याने ठरवलं होतं की बाकी काही जमो न जमो, निदान शिवणयंत्र लंगडलंच पाहिजे. तो जमिनीवर उताणा झोपला, सरकत यंत्राखाली गेला आणि हात वर घालून आतला भाग चाचपू लागला.

उंदराच्या सापळ्याचा चाप मिटल्याचा आवाज फार मोठा नव्हता. त्यानंतरचा आवाज मात्र तिन्ही मजल्यांवर ऐकू गेला. विशेष म्हणजे तोही दोन सुरांच्या मधल्याच बोळात होता.

सासरे दारात आले तेव्हा त्यांच्या डोळ्यांत झोपेचा मागमूस नव्हता. यंत्राखालून बाहेर आलेल्या दोन पायांकडे त्यांनी शांतपणे पाहिलं.

"खरंच मोठा आहे," ते म्हणाले.

बोटाला पट्टी बांधून होईपर्यंत संगीतकाराने सगळं कबूल केलं होतं. आठ महिने, भंगार, सातवा टाका, बँड, अंगाई, बाई, शुक्रवार, सगळं.  मग सासरे उठले, मंगळवारी सैल केलेला स्क्रू आणून त्यांनी जावयाच्या तळहातावर ठेवला.

"आटे पार घालवलेत याचे. मोडायचं असलं म्हणून काय झालं, काही रीत असते की नाही?"

राग यायचा तो एवढाच आला. मुद्दाम बिघडवायचं मात्र त्यांनी साफ नाकारलं. आपल्या हातून बिघडलेली वस्तू बाहेर पडणार नाही, यावर ते ठाम होते. संगीतकाराने काही वाद घातला नाही. चार दिवस बाहेरगावी जाण्याआधी केलेलं सरावाचं ध्वनिमुद्रण त्याने नुसतं लावलं आणि बोट धरून बसला.

बँड सुरू झाला. तालात पावलं पडत होती. सातव्या टाक्याला यंत्र अडखळलं, बँड ठेचकाळला आणि अंगाईची एक ओळ कुणीतरी दार किलकिलं करावं तशी आत आली. सासऱ्यांनी मान तिरकी केली. गाणं संपल्यावर पुन्हा लावायला सांगितलं. तिसऱ्यांदा ऐकताना ते हळूच म्हणाले, "शटलचं टोक झिजलंय. बाईमाणसाचं मशीन. उजव्या पायाने चालवायची ती, आणि मांडीवर पोर घेऊन."

"हे आवाजावरून कळतं?"

"दुकानात रस्त्यावरून आवाज यायचा, त्यावरून कुणाचं मशीन आलंय ते कळायचं. माणूस दारात यायच्या आधी." त्यांनी दुरुस्त शिवणयंत्राचं चाक हाताने एकदा फिरवलं. "दुरुस्त केल्यावर सगळी सारखीच वाजायची. ते काही मला आवडायचं नाही, पण सांगणार कुणाला?"

मग ते आपल्या खोलीत गेले आणि एक डबा घेऊन आले. बदललेला भाग फेकायचा नाही, गिऱ्हाइकाला दाखवायचा, हा दुकानाचा नियम होता. झिजलेलं शटल, सैल पडलेला जुना पट्टा, पंख्याच्या आसाभोवतीचं झिजलेलं बुश, सगळं चिंधीत गुंडाळून ठेवलेलं होतं. आपण काही बिघडवत नाही, ज्याचं त्याला परत करतोय, असं त्यांनी स्वतःलाच दोनदा मोठ्याने समजावलं आणि स्क्रूड्रायव्हर उचलला. दिवे लागायच्या आत पंखा कण्हू लागला. संगीतकाराच्या डोळ्यांत पाणी आलं. बोटही ठणकत होतंच.

शुक्रवारी बाई वेळेवर आल्या. बोलायला कमी, ऐकताना भुवया वर ठेवणाऱ्या बाई. संगीतकाराला पट्टी बांधलेल्या बोटाने अ‍ॅकॉर्डियन कसंबसं जमत होतं, त्यामुळे शिवणयंत्रावर सासरे बसले. इस्त्रीचा शर्ट घालून, खिशाला स्क्रूड्रायव्हर लावून. तो कशाला, असं बायकोने विचारलं तेव्हा ते म्हणाले की त्याशिवाय त्यांना कपडे घातल्यासारखं वाटत नाही.

एक एक गाणं पुढे सरकत गेलं. बाईंच्या भुवया पहिल्या गाण्याला जिथे होत्या तिथेच राहिल्या, पण घड्याळाकडे त्यांनी पाहिलं नाही, हे बायकोने दाराआडून नोंदवलं. शेवटचं गाणं पंख्याचं होतं. नाचाचा ठेका हळूहळू विरत जायचा, शोकगीत उरायचं आणि त्याखाली पंखा एकटाच कण्हत राहायचा. पूर्ण तीन मिनिटं.

दीड मिनिट सासऱ्यांनी सहन केलं. त्यांनी छताकडे पाहिलं, हाताची घडी घातली, सोडली. मग चाळीस वर्षं जे झालं तेच झालं. ते उठले, पंख्यापाशी गेले आणि त्यांनी खिशातून स्क्रूड्रायव्हर काढला. संगीतकाराने डोळ्यांनी विनवलं, मानेने नको म्हटलं, पण हात अ‍ॅकॉर्डियनमध्ये अडकलेले. सासऱ्यांची त्याच्याकडे पाठ होती. फिरत्या पंख्याच्या मागे त्यांनी एक पीळ दिला. कण्हणं बारीक झालं. दुसरा पीळ. ते कुजबुजीवर आलं. तिसऱ्या पिळाला खोलीत नुसता वारा उरला, आणि त्या वाऱ्यात अ‍ॅकॉर्डियनचा तो बेसूर सूर कुणाचाही आधार न घेता एकटाच उभा राहिला.

संगीतकाराचा हात थांबला. सासऱ्यांना आपण काय केलं ते आत्ता कळलं. ते स्क्रूड्रायव्हर मागे लपवून उभे राहिले.

बाईंच्या भुवया खाली आल्या होत्या. त्यांनी नाक पुसलं.

"हा शेवट बदलायचा नाही," त्या म्हणाल्या. "आणि या काकांच्या जागी दुसरं कुणी चालणार नाही."

निघताना त्यांनी वही काढली आणि विचारलं की मुखपृष्ठावर हे कोणत्या प्रकारचं संगीत म्हणून छापायचं. संगीतकाराने घसा साफ केला. तो या प्रश्नाची आठ महिने वाट पाहत होता. त्याने लष्करी बँडपासून सुरुवात केली आणि शोकगीतापर्यंत येईस्तोवर बाईंचं पेन हवेतच राहिलं. तेव्हा त्यांनी सासऱ्यांकडे पाहिलं.

"दुरुस्ती," सासरे म्हणाले.

तसंच छापलं गेलं. अल्बम बाजारात आल्यावर आठवड्याभरात पहिला फोन आला. कुणी बाई होत्या. पहिलं गाणं त्यांनी पाच वेळा ऐकलं होतं. संगीतकार खुर्चीत ताठ बसला. त्यांच्या शिवणयंत्राचाही अगदी तसाच आवाज येतो, बाई म्हणाल्या, तर घेऊन कधी येऊ?

त्यानंतर एक गृहस्थ पंखा घेऊन आले. मग टेपरेकॉर्डर आले, एक भिंतीवरचं घड्याळ आलं, कुणी अल्बम भेट दिला म्हणून कुणी मिक्सर आणला. संगीतकाराच्या खोलीत बसायला जागा उरली नाही. वर्तमानपत्र आता कुणी उघडतही नव्हतं. महिन्याभरात रांग जिन्यापर्यंत गेली. रांगेतल्या प्रत्येकाला अल्बम तोंडपाठ होता आणि कुणालाही संगीतात रस नव्हता.

परवा एक आजीबाई हाताने चालवायचं शिवणाचं मशीन काखेत धरून आल्या. घाईत होत्या, लगेच दुरुस्त करून द्या म्हणाल्या. सासऱ्यांनी मशीन हातात घेतलं, चाक एकदा फिरवलं, मान तिरकी करून ऐकलं आणि खाली ठेवलं. मग आतल्या खोलीकडे वळून त्यांनी हाक मारली, "जावईबापू, माइक आणा." आणि आजीबाईंना स्टूल सरकवत म्हणाले, "बसा जरा. आधी मशीनला काय म्हणायचंय ते म्हणू दे, मग बरं करतो."