फिलिप भरतीला येतात

मुरुडच्या कोळीवाड्यात भागोजीच्या घरामागे दोन खोल्या होत्या. शनिवार-रविवारी पर्यटक उतरायचे, एरवी त्यांत मांजर व्यायची. त्यामुळे क्रांती नावाची मुलगी एकटीच, महिनाभर राहायचं म्हणून आली, तेव्हाच भागोजीच्या मनात पाल चुकचुकली. मुरुडात माणूस महिनाभर करतो काय?

"मी समुद्रातले जीव अभ्यासते, काका," तिने सांगितलं. "झार म्हणजे जेलीफिश, समुद्रफुलं, पोवळी. कुठे कोणती जात आहे ती ओळखायची आणि नोंद करायची."

झार ओळखायला शिकावं लागतं? जाळ्यातून सोडवताना हाताची आग झाली की तो झार, एवढं वाड्यातलं शेंबडं पोरही जाणत होतं. भागोजीने मान डोलावली आणि तिच्यावर नजर ठेवायला सुरुवात केली.

तिसऱ्या दिवशी ओहोटीला ती खडकांवर गेली. हातात पांढऱ्या पाइपची चौकट. खडकावर चौकट ठेवायची, वाकून फोटो काढायचा, वहीत आकडा लिहायचा, पाच पावलं सरकायचं, की पुन्हा चौकट. असं करत ती बोंबलांच्या वलांड्यांसमोर येऊन पोचली. सगळ्या वाड्याचं वाळवण त्या बांबूंवर लटकलेलं असायचं. भागोजीच्या बायकोचं, मैनाचंही.

"काय मोजता, ताय?"

"किती जागा व्यापलीय ते," ती वर न बघता म्हणाली.

मोजणी! किनाऱ्यावर मोजणी सुरू झाली की पुढे काय होतं ते भागोजीने खालच्या गावांत पाहिलं होतं. आधी चौकट येते, मग कुंपण.

त्या संध्याकाळी खोलीच्या मागच्या भिंतीला तो कान लावून उभा राहिला. शेजारचा पाण्याचा पंप घरघरत होता, पण क्रांती फोनवर बोलत होती ते कानावर येत होतं.

"हो सर, दोन मोठ्या कॉलनी आहेत. तिसरी वलांड्यांसमोर पसरतेय... नाही, फिलिप भरतीलाच बाहेर येतात. ओहोटी लागली की आत जाऊन बसतात... हो ना, हात लावला की तोंड मिटतात! आणि आतून सगळे जोडलेले आहेत, सर. एकाने खाल्लं की सगळ्यांना पोचतं."

भागोजी स्वयंपाकघरात आला तो घामाने निथळत.

"मैने, आपल्या वलांड्यांवर कॉलनी व्हनार हाय. फिलिप नावाचा बिल्डर हाय कोनतरी. भरतीला होडीनं येतो न् ओहोटीला लपतो. आन् वरपासून खालपर्यंत सगल्यांना चारलेला हाय त्यानं!"

मैनाने तव्यावरची भाकरी उलटली. "मंग तिलाच इचारा की."

"इचारला तर ती सावध व्हईल!"

"अवो, मुलगी सकालपासून गुडघाभर पान्यान उभी असते. बिल्डरची मानसं पाय वले करतात व्हय?"

पण भागोजी तोवर चपला घालून निघालाही होता. मच्छीमार सोसायटीचा चेअरमन काळूराम ओट्यावर जाळं विणत बसला होता. त्याने सगळं ऐकलं, सुई बाजूला ठेवली आणि विचारलं, "फिलिप म्हंजे फॉरेनचा?"

"आता नावच तसला हाय."

"आन् तुझ्या खोलीत येतो?"

"येत असनार. तिच्याकडं न्हाय तर कुनाकडं येईल?"

दुसऱ्या दिवशी पोलिसांत द्यायचा अर्ज तयार झाला. 'फिलिप नामक परदेशी इसम भरतीच्या वेळी जलमार्गे येऊन, श्री. भागोजी यांच्या खोलीत मुक्काम करून, आमच्या किनाऱ्यावर तीन कॉलनी उभारण्याच्या बेतात आहे.' खाली एकशे बारा सह्या. प्रमुख साक्षीदार म्हणून पहिलं नाव भागोजीचं. एवढ्या मोठ्या कागदावर आपलं नाव सगळ्यांच्या वर आहे, या विचाराने भागोजीची छाती फुगली. अर्जात नेमकं काय लिहिलंय, ते त्याने नीट वाचलं नाही.

मग पहारा बसला. रोज भरतीला वीसेक माणसं खडकांवर बसून समुद्राकडे डोळे वटारायची. दोन दिवस कुणी आलं नाही. तिसऱ्या दिवशी एका फेरीच्या होडीतून टोपी घातलेला गोरापान गृहस्थ उतरला. त्याला घेराव पडला. तो ठाण्याचा निवृत्त बँक मॅनेजर निघाला, नाव गोडबोले. आधारकार्ड दाखवूनही त्याला अर्ध्या तासाने सोडलं, कारण काळूरामच्या मते, "नाव तर कोनी पन बदलतो."

चौथ्या दिवशी हवालदार भोपी मोटरसायकलवरून थेट भागोजीच्या अंगणात उतरले. हातात अर्जाची प्रत.

"तो फिलिप कुठं हाय?"

"बरा झाला आलात, सायेब! पकडा त्याला."

"पकडतो. आधी तू सांग, परदेशी मानूस खोलीत उतरला की चोवीस तासांत ठाण्यात कलवायचा असतो. तू का न्हाय कलवलास?"

"सायेब, मी त्याला बघितलाच न्हाय."

"मग सही कशाला केलीस? हितं लिवलाय, 'श्री. भागोजी यांच्या खोलीत मुक्काम करून'. परदेशी मानसाला लपवलास म्हनून तुलाच आत घ्यावा लागंल. फिलिपला हजर कर."

दाराआडून मैना सगळं ऐकत होती. तिने फक्त मागच्या खोलीकडे बोट दाखवलं.

भागोजी क्रांतीच्या दारात गेला तो हात जोडूनच. "ताय, माज्या पोटावर पाय देऊ नका. त्या फिलिपला एकदा बोलवून घ्या. मी सोता त्यांची माफी मागतो."

"कोण फिलिप, काका?"

"तुमचा! भरतीला येतो तो. तोंड मिटतो तो!"

क्रांतीला असं हसू फुटलं की तिला उंबऱ्यावरच बसावं लागलं. "पॉलिप, काका! पॉलिप! पोवळ्यांच्या नात्यातला जीव असतो तो. बटणाएवढा. शेकडो जण चिकटून राहतात, त्याला आम्ही कॉलनी म्हणतो. मी तीच मोजते. चला, दाखवते."

भोपींनी बूट काढले, पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि तिघे खडकांवर गेले. वलांड्यांसमोरच्या एका डबक्यात हिरवट-तपकिरी गोल बटणं दाटीवाटीने बसली होती. प्रत्येकाला कडेने बारीक झालर, मधोमध चिमुकलं तोंड.

"हाच?" भोपींनी विचारलं.

"हेच सगळे," क्रांती म्हणाली.

भोपींनी हळूच बोट लावलं. झालर झटकन आत गेली आणि तोंड मिटलं. शेजारच्या दोघांनीही मिटलं.

"पोचलेले दिसतात," भोपी पुटपुटले. मग त्यांनी खिशातून वही काढली. "पन अर्जावर नंबर पडलाय. काहीतरी लिहायला लागंल." आणि उन्हात उभं राहून त्यांनी पंचनामा लिहिला: 'सदर फिलिप हे नमूद ठिकाणी पाण्यात आढळून आले. अंगी वस्त्र वा कागदपत्र नाही. विचारपूस करता तोंड मिटून घेतले. जन्मापासून याच खडकावर वास्तव्य असल्याने परदेशी म्हणता येत नाही. तक्रार निकाली.' पंच म्हणून भागोजीने सही केली. या वेळी मात्र अक्षर न् अक्षर वाचून.

जीव भांड्यात पडला तसा तो घरी येऊन पोटभर जेवला. संध्याकाळी काळूराम आला. ओट्यावर बसला, इकडेतिकडे बघितलं आणि आवाज खाली आणून म्हणाला, "दुपारी तू न् हवालदार न् ती मुलगी, खडकांवर वाकून कुनाशी बोलत व्हता?"

"फिलिपशी. म्हंजे, फिलिप न्हाय रे, पॉलिप. बटनाएवढा जीव असतो."

"बटनाएवढा."

"व्हय. पान्यान ऱ्हातो. त्यांचीच कॉलनी."

"आन् पोलीस गेले परत?"

"गेले. निकाली निघाला सगला."

काळूरामने एकदा मागच्या खोलीकडे पाहिलं, एकदा भागोजीकडे. "बरं," तो म्हणाला आणि उठून गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी भागोजी मैनाला सांगत होता की क्रांतीताई आणखी एक महिना राहणार आहे. बोलता बोलता तो थांबला. मागच्या भिंतीपलीकडे कुणीतरी खोकला दाबत होतं.