टॅग काढायचे नाहीत

त्या दिवशी मी गपगुमान चहा पिऊन घरी आलो असतो ना, तर पुढचं काही म्हणजे काही झालं नसतं. पण होणाऱ्या सासऱ्यांनी "हॉल मी बघतो" म्हटलं, आणि मी (कपातला बिस्किटाचा लगदा चमच्याने शोधत) म्हणालो, "छे छे, तुम्ही कशाला? मी आहे ना!"

सासरे शाळेत पीटी शिकवायचे. अजूनही ते "बसा" म्हणाले की शेजारचे लोकसुद्धा बसतात. ते म्हणाले, "ठीक. रविवारपर्यंत जागा सापडली नाही तर मी मोठा हॉल घेणार. माझे सगळे जुने विद्यार्थी बोलावणार. पाचशे."

बायकोचा (म्हणजे तेव्हा होणाऱ्या) चेहरा पांढरा पडला. आम्हाला लग्न नोंदवून संध्याकाळी फक्त घरची चाळीस माणसं हवी होती. बाहेर येऊन तिने माझी कॉलर धरली. "पाचशे लोकांकडे बघून हसायचं? जबडा निखळेल माझा! जागा शोध, नाहीतर नवराही दुसरा शोधते."

शोधली हो! पहिल्या हॉलचा मॅनेजर म्हणाला, "पाहुणे किती?"

"चाळीस."

"चाळीस टेबलं?"

"माणसं."

त्याने माझ्याकडे असं बघितलं, जणू मी स्टेडियम भाड्याने घेऊन कॅरम खेळणार होतो. "मग घरीच करा की!" (आमच्या घरात चार माणसं उभी राहिली की पाचव्याला बाथरूममध्ये जावं लागतं, गरज असो वा नसो.) दुसऱ्या ठिकाणी जागा होती, पण आदल्या दिवशीच्या कुणाच्या तरी साठीचे फुगे काढायचे नाहीत म्हणे. आणि एका हॉटेलातला 'खास कोपरा' म्हणजे भांडी घासायच्या जागेला लावलेला पडदा होता.

शनिवार उजाडला. मी कामावर तोंड पाडून बसलो होतो. मी फर्निचरच्या शोरूममध्ये सेल्समन आहे, हे सांगायचं राहिलंच. तर बसलो होतो, आणि समोर बघतो तर काय! सोफे, खुर्च्या, डायनिंग टेबलं, झुंबरं! आणि आमचं लग्न सोमवारी, नेमकी शोरूमची सुट्टी!

मालक म्हणाले, "कर खुशाल. पण टॅग काढायचे नाहीत. आणि गिऱ्हाईक आलं तर हाकलायचं नाही. तू बघायचं."

"हो मालक!"

बायको म्हणाली, "चालेल. पण त्या संध्याकाळी तू सेल्समन नाहीस. कुणालाही काहीही विकायचं नाही. शब्द दे."

"दिला!"

(समोरच्याला हो म्हणायची सवय. धंद्याचा परिणाम.)

सोमवारी शोरूम काय दिसत होतं! आत्या प्रत्येक कपाट उघडून आत डोकावत होती. मामा रिक्लायनरवर आडवे झाले ते तिथेच राहिले, त्यांना ताटसुद्धा तिथेच नेऊन दिलं. सासरे हात मागे बांधून फिरत होते, पण चक्क मान डोलवत होते. आम्ही दोघं मधोमध लाल सोफ्यावर. मी जिंकलो होतो!

तेवढ्यात एक जोडपं आत आलं. एवढी रोषणाई बघून त्यांना वाटलं, सेल लागलाय. बाईंनी पर्समधून टेप काढला आणि सरळ आमचा सोफा मोजायला घेतला. "जरा पाय वर घेता?"

आम्ही घेतले.

सासरे माझ्या कानाशी आले. "जावईबापू, ही कुणाकडची मंडळी?"

"आमच्याकडची. लांबची."

"लांबची म्हणजे नेमकी कोण?"

"कितीला आहे हो हा?" लांबच्या मंडळींनी विचारलं.

कपाटाआडून मालक डोळे वटारत होते. इकडे बायकोने माझ्या हाताला असं नख लावलं की बस! सागवानी फ्रेम, धुता येणारं कापड, सगळं घशाशी आलं होतं. मी फक्त खोकलो.

"चल गं," तो माणूस वैतागला. "इथे कुणाला पडलेलीच नाही."

मालकांचा चेहरा बघून मी मनातल्या मनात नोकरी शोधायला लागलो. बायकोनेही बघितला तो चेहरा. माझ्याकडे बघितलं. सुस्कारा सोडला.

"थांबा!" ती म्हणाली. "बसून बघितलंत का?" मला कोपराने उठवलं, त्यांना बसवलं. "दोन तास बसलोय आम्ही यावर. नवीन लग्न, शेजारी हा, आणि तरी माझी पाठ दुखली नाही."

"गॅरंटी?"

"सोफ्याची पाच वर्षं. याची नाही."

सगळ्यात मोठ्याने सासरे हसले.

नेमका तेव्हाच उशिरा आलेला फोटोग्राफर धापा टाकत शिरला, सोफ्यावर जोडपं बघितलं आणि धडाधड फोटो काढत सुटला. आमच्या काकूंनी तर बुके देऊनही टाकला. बाईंनी तो घेतला. सोफाही घेतला, लगेच, पूर्ण किमतीत. सासऱ्यांनी फर्मान सोडलं, "चौघं पुढे! उचला! एक, दोन, एक, दोन!" आणि आमचं सिंहासन टेम्पोत चढलं. उरलेलं रिसेप्शन आम्ही उभ्याने केलं (बाकी सगळ्या सोफ्यांवर पाहुणे पसरले होते).

जाताना सासऱ्यांनी माझ्या पाठीवर थाप मारली. "पाचशेत ही मजा आली नसती!"

मी हवेत. लग्न झालं, सासरे खूश, नोकरी शाबूत. दुसऱ्या दिवशी ताठ मानेने शोरूममध्ये शिरलो. "मालक, आलो!"

मालकांनी माझ्या खांद्यावरून मागे दाराकडे बघितलं. बराच वेळ बघितलं.

"एकटाच?"