सूनबाईंच्या रजेचे अपूर्णांक

सुज्ञ वाचकहो, भिन्न छेदांच्या अपूर्णांकांची बेरीज एका शिस्तप्रिय कुटुंबाने कशी केली, याचा वृत्तांत येथे सादर करीत आहे. वरच्यांनी वरच्यांत आणि खालच्यांनी खालच्यांत मिसळावे, यातच सर्वांचे हित असते.

सदर घरात माणसे तीन : निवृत्त हेडक्लार्क सासरे, त्यांचे चिरंजीव आणि सूनबाई. रोजची कामे बारा. पैकी निम्मी, म्हणजे स्वयंपाकघरातली सहा, सूनबाईंकडे. शिवाय एक तृतीयांश, म्हणजे धुणे, भांडी, केर, लादी ही चारही त्यांच्याचकडे. (उरलेली दोन : वर्तमानपत्राची घडी घालणे आणि पंखा बंद करणे. ती पुरुषमंडळी आळीपाळीने करीत.) घराचा नियम असा, की किमान निम्मे काम करणाऱ्यास वर्षातून आठ दिवस रजा.

दोन दिवसांनी माहेरी आईच्या डोळ्याचे ऑपरेशन, म्हणून सूनबाईंनी रजा मागितली. सासऱ्यांनी कागद घेऊन एक द्वितीयांशात एक तृतीयांश मिळवला. एक आणि एक दोन. दोन आणि तीन पाच. उत्तर दोन पंचमांश. निम्म्याहून कमी, सबब नामंजूर.

"अहो बाबा, बारातली दहा कामं करते मी!"

"सूनबाई, ते मोजणं झालं. ही बेरीज आहे."

"अर्ध्या बादलीत आणखी पाणी ओतलं तर पाणी कमी होतं का?"

"बादलीला शिस्त नसते."

"बाबांनी तीस वर्षं कचेरी सांभाळलीय," चिरंजीव पंख्याखालून म्हणाले. "उगाच हुज्जत नको घालूस."

सूनबाईंनी घातली नाही. भाजी चिरता चिरता त्यांच्या ध्यानात आले, की तृतीयांश मिळवल्याने हिस्सा घटत असेल, तर तो सोडल्याने वाढेल. दुसऱ्या दिवशी त्यांनी धुण्याभांड्यांना की केरलादीला बोटही लावले नाही. हिस्सा वाढून निम्मा झाला. सासऱ्यांनी मोरीतला ढीग पाहिला, स्वतःच्या अक्षरातला कागद पाहिला आणि रजेवर सही केली. सूनबाई पिशवी उचलून वेळेत आईपाशी पोहोचल्या.

मागे राहिलेल्या पितापुत्रांनी कामे निम्मी निम्मी वाटून घेतली. बेरीज दोन चतुर्थांश, म्हणजे निम्मी. उरलेल्या निम्म्यांबद्दल दोष कोणालाच देता येईना, म्हणून ती सूनबाईंसाठी राखून ठेवण्यात आली.

येथे वाचक हसतील. हसण्यास प्रत्यवाय नाही. मात्र घरकामातला हिस्सा विचारला, की ते "मीही करतो की थोडंफार" म्हणतात. या अपूर्णांकाचा छेद अद्याप कोणास सापडलेला नाही.

आपण हे शेवटपर्यंत निवांत वाचलेत, याबद्दल आभारी आहे. तेवढा वेळ आपल्या घरात जे कोणी उभे होते, त्यांचाही.

आपला नम्र,
शेजारचा चष्मेवाला