कावळ्यामार्फत विचारपूस

माणसाला स्वतःची अशी एक इच्छा असते, हे मानसशास्त्राने अलीकडे मान्य केलं आहे. आमच्या भागात ते पूर्वीपासूनच मान्य आहे. फक्त ती विचारण्याची वेळ आणि जागा आम्ही ठरवून दिलेली आहे : मेल्यानंतर दहाव्या दिवशी, सकाळी, नदीच्या घाटावर. उत्तर कावळा देतो. तो पिंडाला शिवला की समजायचं, इच्छा काही राहिली नव्हती. नाही शिवला, तर सगळं गाव हातातली कामं टाकून त्या माणसाला काय हवं होतं याचा शोध घेतं. व्यक्तीच्या इच्छेला इतका मान दुसरीकडे कुठे मिळत असेल असं वाटत नाही. (त्यासाठी एक किरकोळ पात्रता लागते, ती वर दिली आहे.)

हे जिवंतपणीच का विचारत नाही, अशी टीका काही शिकलेली मंडळी करतात. त्यांना व्यवहार कळत नाही. जिवंत माणसाला विचारलं तर तो सांगतो. सांगितलं की ते करावं लागतं, किंवा का करत नाही ते तरी सांगावं लागतं. त्यापेक्षा कावळा बरा. तो खुलासा मागत नाही.

उदाहरणार्थ, श्रीरामपूरजवळच्या आमच्या गावचे गोरक्षनाथ तात्या. गेल्या चैत्रात वारले. शाळा त्यांच्या वडिलांनी सोडवली, लग्न मामांनी ठरवलं, रानात काय लावायचं ते साखर कारखान्याने सांगितलं आणि चहात साखर घालायची नाही हे डॉक्टरने. "तात्या, काय पाहिजे?" असं उभ्या आयुष्यात त्यांना दोघांनीच विचारलं : श्रीरामपूरच्या हॉटेलातल्या वेटरने आणि दर निवडणुकीत उमेदवाराने. (वेटरने आणून दिलं.)

दहाव्याची व्यवस्था मात्र चोख होती. मंडप होता, माईक होता, श्रद्धांजलीला चौदा वक्ते होते. त्यातले दोघे तात्यांवर बोलले. उरलेल्यांनी स्वतःविषयी बोलून त्यांना अभिवादन केलं. पिंडाजवळ तात्यांच्या आवडीचं पान वाढलं होतं : जिलेबी, कांदाभजी, कपभर गोड चहा, शेजारी विडीचं बंडल. मधुमेह निघाल्यापासून थोरल्या सुनेने जे जे कुलपात ठेवलं होतं, ते ते तिने स्वतःच्या हाताने मांडलं. घरच्यांना माणसाची आवड ठाऊक नसते असं म्हणणाऱ्यांनी ते पान बघायला हवं होतं.

कावळा समोरच्या बाभळीवर बसला होता. येईना.

मग विचारपूस सुरू झाली. पद्धत अशी की एकेकाने हात जोडून पुढे व्हायचं, तात्यांची इच्छा अमुक असावी असं सुचवायचं, ती पुरी करण्याचा शब्द द्यायचा आणि बाभळीकडे बघायचं. थोरला कल्याण शेती बघतो. तो म्हणाला, "तात्या, खालच्या रानातल्या हिरीचं काम आमी पुरं करू." कावळा जागचा हलला नाही. कुणीतरी नातवाचं, ओमचं, लग्न थाटात करण्याचा शब्द दिला. (ओम पाचवीत आहे.) गावच्या पतसंस्थेच्या अध्यक्षांनी माईक हातात घेऊन तात्यांच्या वस्तीचा रस्ता डांबरी करण्याचं जाहीर केलं. हा रस्ता मागच्या तीन दहाव्यांतही मंजूर झालेला आहे. कावळ्याने फांदी बदलली आणि पाठ फिरवली. त्यालाही मतदानाचा अनुभव असावा.

ऊन चढलं. आचाऱ्याने दोनदा निरोप धाडला. गुरुजींनी सुज्ञपणे दर्भाचा कावळा वळायला घेतला. (खरा कावळा न आल्यास दर्भाचा शिववतात. इच्छा कळली नाही म्हणून जेवणं थांबू नयेत, ही तरतूद आहे.)

तेव्हा धाकटा रविराज पुढे झाला. हा पुण्यात एका कंपनीत असतो. आईचं काय करायचं हे दोन्ही भावांचं चौथ्या दिवशीच ठरलं होतं : वस्तीवरच्या दोन खोल्यांना कुलूप, शेळी विकायची, आई पुण्याला. आईला, म्हणजे रतनबाईंना, त्यातलं पुण्याचं तेवढं कळवण्यात आलं होतं. कळवलं म्हणजे विचारलं, असा आमच्याकडे संकेत आहे.

"तात्या, आईची काळजी करू नका," रविराज हात जोडून म्हणाला, आणि ते खोटं नव्हतं. "तिला मी पुण्याला नेतो. नववा मजला आहे, लिफ्ट आहे. तिला काही म्हणजे काही करावं लागणार नाही."

कावळा बसूनच.

आणि बायकांच्या घोळक्यातून रतनबाई उठल्या.

"मला न्हाई जायचं पुन्याला. मी माझ्या घरात ऱ्हानार. शेळी हाय, चूल हाय, माझं मी करून खाते. मला इचारलं का कुनी?"

सगळा घाट वळून त्यांच्याकडे बघायला लागला.

"आई, तुझं काय आता मधीच?" कल्याण हळू आवाजात म्हणाला. "तात्यांची इच्छा इचारतोय न्हाई का आपन? तुझं नंतर बघू."

अध्यक्षांनी तर फार प्रेमाने समजूत घातली. "आक्का, जरा दम धरा. तुमचाबी नंबर येईल."

एवढ्या वेळात पिंडाकडे एकाचंही लक्ष नव्हतं. कावळ्याला तेच हवं असावं. तो उतरला, पिंडाला चोच लावली, जिलेबी उचलली आणि गेला.

"शिवला!" माईकवरून पुकारा झाला. "धाकट्या चिरंजीवांचा शब्द तात्यांनी स्वीकारलेला आहे."

अशा रीतीने चौथ्या दिवशी जो दोन भावांचा बेत होता, तो दहाव्या दिवशी मयताची शेवटची इच्छा झाला. त्यावर अपील नाही.

पंगतीनंतर मी रतनबाईंपाशी जाऊन बसलो. म्हणाल्या, "भाऊ, तुमी तरी पाह्यलं ना? मी बोलाया उठले, तवा आला त्यो."

मी म्हणालो, पाहिलं. पण माईकवर जाहीर झालं आहे.

"एवढ्या मान्सांत आपल्या मनानं आला त्यो एकटा कावळा," त्या म्हणाल्या.

तात्यांना खरंच काय हवं होतं, असं मी विचारलं. त्यांनी पदराने तोंड पुसलं. "काय की. मीबी एकदाच इचारलं हुतं. तर म्हनले, कल्यानला इचारून सांगतो."

रतनबाई आता पुण्यात असतात. फोन आला की आधी शेळीची चौकशी करतात, ती विकली हे त्यांना अजून कळवलेलं नाही. तब्येत चांगली आहे. गॅलरीला कबुतरांची जाळी बसवली आहे, त्यामुळे कावळाही येत नाही. त्यांना काय हवं आहे ते तीनशे माणसांनी कानांनी ऐकलं आहे. तरी त्यांच्या दहाव्याला आम्ही सगळे हात जोडून घाटावर उभे राहू आणि विहीर, ओमचं लग्न आणि रस्ता, या क्रमाने विचारू.

असो. तुमचं काय? तुम्हाला काय हवं आहे?

घरात विचारून सांगता? सावकाश सांगा. आमच्या घाटावर व्यवस्था आहे.