सोहनींचं बेनेट बेट

आमच्या शेजारच्या सोहनींना सकाळी लिफ्टमध्ये "कसे आहात?" विचारलं, की ते बर्फ कसा आहे ते सांगतात. "हेन्रिएटा अजून गोठलेली आहे, पण बेनेटच्या दक्षिणेला पाणी दिसायला लागलंय बरं का!" आणि खुशीत टोकियोतल्या आमच्या फुनाबोरी स्टेशनकडे निघतात.

सायबेरियाच्याही उत्तरेला, आर्क्टिक समुद्रात हेन्रिएटा, बेनेट अशी पाच उजाड बेटं आहेत. माणूस दुसऱ्याला आपलं कोकणातलं गाव सांगतो, तशी सोहनी ती सांगतात. चहाआधी उपग्रहाचं चित्र बघितल्याशिवाय त्यांना चैन पडत नाही. "तिथे चिटपाखरूही नसेल," मी एकदा म्हणालो, तर भडकलेच. "पाखरं? कडेच्या कडे भरलेत पाखरांनी! माणूस नाही फक्त!" एकदा आमच्याकडे जेवायला आले असताना बायकोचा डोसा तव्यावर फाटला. ती ओशाळली. हे टाळी वाजवून म्हणाले, "वहिनी, हुबेहूब बेनेट! मोडू नका!" आणि फोटो काढून मगच खाल्ला.

मागच्या वर्षी भूकंपाच्या सरावाआधी मोहल्ला समितीनं घरोघरी फॉर्म वाटला. आपत्ती आली तर कुटुंबानं कुठे भेटायचं? आम्ही सगळ्यांनी शाळेचं मैदान लिहिलं. सोहनींनी लिहिलं, 'बेनेट बेट, दक्षिण किनारा.' समितीचे म्हातारे इशिदासान दोन दिवस वॉर्डाचा नकाशा धुंडाळत होते. शेवटी घामाघूम होऊन माझ्याकडे आले. "माफ करा, हे पार्क कुठल्या स्टेशनजवळ येतं?"

मी तणतणत सोहनींकडे गेलो. "अहो, थट्टेला काही काळवेळ?"

"थट्टा नाही हो," ते म्हणाले आणि एक वही पुढे केली.

मोठ्या भूकंपानंतर त्यांची बायको लहानग्या सईला घेऊन ठाण्याला गेली, ती तिथेच राहिली. सईच्या अंगावर कपाट पडता पडता राहिलं होतं. जपानचं नाव काढलं की ती रडायची. विमानतळावर तिनं विचारलं होतं, "बाबा, कुणाच्याच अंगावर काही पडणार नाही अशी जागा आहे का?" बाबांनी शोधून काढली. दर रविवारी फोनवर बापलेक बेनेटवर घर बांधत होते. वहीत त्याचा नकाशा होता. तीन पलंग, एक चूल, कपाट एकही नाही.

मला फार वाईट वाटलं. इतके दिवस मी या माणसाला हसत होतो, आणि माणूस नव्हतं ते त्यांच्याच घरात.

यंदा फॉर्म आले. परवा सकाळी सोहनी आपला फॉर्म घेऊन माझ्या दारात उभे. बेनेट खोडलेलं. खाली 'शाळेचं मैदान' आणि तीन नावं.

"सई म्हणाली, मैदान चालेल. पण आधी कपाटं भिंतीला ठोका. शनिवारी येतायत दोघी. तुमच्याकडे ड्रिल आहे ना?"

मी ड्रिल काढता काढता विचारलं, "आज बर्फ कसा आहे?"

"अरेच्चा," सोहनी म्हणाले, "बघायचाच राहिला."