रहाटणीतला स्पॅनिश भाऊ

नीती टिकवायची तर माणसं बदलून भागत नाही, नाती बदलावी लागतात, हे सर्व थोर राजवटींना कळलेलं आहे.

चाकणच्या कंपनीतला एक स्पॅनिश इंजिनिअर आमची रहाटणीची सोसायटी सोडताना त्यांच्याकडचा एक जुना रडका सिनेमा देऊन गेला. प्रती दोन : हुकूमशहाच्या काळातली कापलेली आणि तो मेल्यावरची जोडलेली. कथा एका विधवेची आणि तिच्या प्रियकराची. पहिल्या प्रतीत सेन्सॉरने संवाद बदलून प्रियकराला तिचा भाऊ करून टाकलं होतं.

आमचे तहहयात चेअरमन बबनराव यांना ही सोय फार आवडली. सोसायटीच्या हॉलमध्ये पहिली प्रत लागली. स्पॅनिश कुणाला येणार? म्हणून इंजिनिअरने समजावून ठेवलेली गोष्ट मराठीत सांगायला सोसायटीतले कीर्तनकार बुवा उभे राहिले. (बुवांचं रुक्मिणीहरण ऐकावं! मुलगी पत्र धाडून पळून जाते आणि अख्खा हॉल डोळे पुसतो.)

पडद्यावर भाऊ बहिणीचा हात धरून सुस्कारे टाकत होता.

"असला भाऊ आमी न्हाई बघितला बया!" अंबुबाई म्हणाल्या.

"बंधुप्रेम आहे मावशी, बंधुप्रेम," बबनराव गंभीरपणे म्हणाले.

नीती वाचली. याच धर्तीवर, सी विंगमधल्या विधवा कौशल्याबाईंकडे चहाला येणारे किसनरावही ठराव करून त्यांचे भाऊ ठरवण्यात आले. भाऊबीजेला कमिटी साक्षीला गेली. (बाईंनी ओवाळलं नाही. नोंद : असहकार.)

पुढे निवडणूक झाली, बबनराव पडले, मंजुषाताई आल्या. 'हुकूमशाही संपली' म्हणून ढोल वाजले आणि दुसरी प्रत लागली. बुवांनी झांज वाजवून जाहीर केलं, "मंडळी, तो भाऊ नव्हता हो!" विधवेचं लग्न लागलं तेव्हा सगळे उभं राहून टाळ्या वाजवत होते. मंजुषाताईंना तर हुंदका आवरेना.

दुसऱ्या दिवशी कौशल्याबाई पेढे घेऊन त्यांच्याकडे गेल्या.

"ताई, माझ्या न् किसनरावांच्या लग्नाला हॉल पाहिजे."

"अहो काकू, तो सिनेमा होता! इथं फॅमिल्या राहतात."

"काल माझ्याच खांद्यावर रडलात की."

"ते रडणं वेगळं."

लग्न शेवटी आळंदीच्या एका धर्मशाळेत लागलं. मंगलाष्टकं बुवांनी म्हटली आणि ऐकायला वधू-वर तेवढे होते. कारण त्याच वेळी हॉलमध्ये, लोकाग्रहास्तव, सिनेमा पुन्हा लागला होता.

वाचकहो, आपणही आत्ता कौशल्याबाईंच्या बाजूने मनात टाळी वाजवलीत, फार बरं वाटलं. आपल्या जिन्यातल्या एकट्या बाईकडे चहाला कोण येतं, हेही आपल्याला पक्कं ठाऊक आहेच.